अन्यथाकोश: जादूचा सूचीग्रंथ बनवताना ठेवलेल्या नोंदी

२ जून

एका एकांकिकेसाठी पुस्तक हवंय. गोष्टीत एका ग्रंथपालाला तळघरात एक सूचीग्रंथ सापडतो. आपल्याकडे घडले नाहीत असे इतिहास त्यात आपोआप नोंदले जातात. दिग्दर्शिका जुनी मैत्रीण आहे आणि तिची अट वाईट आहे: प्रयोग संपला की प्रेक्षक पुस्तक हातात घेऊन चाळणार. म्हणजे वरची चार पानं सजवायची आणि आत कोरे कागद कोंबायचे, ही पळवाट बंद. १२८ पानं, हाताने लिहिलेली, हाताने शिवलेली. मुदत सात आठवडे. आजवर मी दोनच वह्या शिवल्यात, त्यातली एक पहिल्यांदा उघडताच सुटली.

नाव ठरलं: अन्यथाकोश. 'अन्यथा' हा शब्द एरवी नोटिशीत दम द्यायला येतो, म्हणून आवडला.

६ जून

मराठी माणूस 'असं झालं असतं तर' लिहायला बसला की पहिलं पाऊल पानिपतात पडतं. माझंही पडलं. भाऊसाहेब जिंकले, विश्वासराव वाचले, अब्दाली परत गेला, मग बंगाल, मग इंग्रज... चार पानं भरली. रात्री वाचून पाहिलं तर शाळेच्या गाईडमधलं उत्तर, फक्त निकाल उलटा. जादू शून्य.

चारही पानं फाडली. पाच तास गेले.

९ जून

पुस्तकाला एक मर्यादा घातली आणि काम सुटलं. अन्यथाकोशाला लढाया दिसत नाहीत, माणसं दिसत नाहीत, त्याला फक्त कागद दिसतो. त्या त्या इतिहासात जे कुठेतरी लिहिलं गेलं तेवढंच तो नोंदवतो: पत्र, जमाखर्च, पावती, हजेरी. कारणं सांगत नाही, निकाल सांगत नाही.

पानिपतची बातमी नानासाहेब पेशव्यांना एका सावकारी पत्रातून कळली असं सांगतात. दोन मोती गळाली, मोहरा हरवल्या, खुर्द्याची तर गणती नाही, अशा मजकुराचं ते पत्र. मोती म्हणजे भाऊसाहेब आणि विश्वासराव. आता माझी नोंद अशी:

'सावकारी पत्र, एक बंद. मोती दोन, गहाण. व्याज भरून सोडवले. एकाला किंचित पिवळी झाक, मोल कमी धरावे.'

बस. त्या इतिहासात मोती म्हणजे मोतीच. लढाईचा उल्लेख नाही, तरी वाचणाऱ्याला कळतं. दिग्दर्शिकेने फोनवर नोंद ऐकली, जरा वेळ गप्प राहिली आणि म्हणाली, "असल्या शंभर दे." शंभर म्हणणं सोपं आहे.

११ जून

सूची म्हटली की क्रमांक आला. पहिला प्रयत्न: फाटा जिथे फुटला त्या सालाप्रमाणे. तीस नोंदी कार्डांवर लिहून जमिनीवर ओळीने मांडल्या आणि अर्ध्या तासात सगळं मोडलं, कारण साल हीसुद्धा घडलेली गोष्टच असते.

ग्रेगरियन सुधारणेत ४ ऑक्टोबर १५८२ नंतर थेट १५ ऑक्टोबर आला. इंग्लंडने ती १७५२ साली घेतली, रशियाने १९१८ साली. म्हणून आपण जिला ऑक्टोबर क्रांती म्हणतो ती आपल्या कॅलेंडरात ७ नोव्हेंबरला पडते. ज्या इतिहासात पोप ग्रेगरीने कॅलेंडरला हात लावलाच नाही, तिथल्या कागदावर मी कुठली तारीख घालू? याहून लाजिरवाणी चूक म्हणजे, शिवाजी महाराजांचा राज्याभिषेक झालाच नाही अशा एका इतिहासातल्या पत्रावर मी झोकात 'राज्याभिषेक शक ८७' असं लिहून ठेवलं होतं. ते पत्र लिहिणाऱ्याने १६७४ पासून वर्षं मोजली तरी कशाला असती?

दुसरा प्रयत्न ग्रंथालयांतल्या ड्यूई दशांश पद्धतीचा. इतिहास नऊशेत, युरोप ९४०, आशिया ९५०, त्यात भारत ९५४. इथे देश आधीच छापलेले आहेत. देशांच्या हद्दीच बदलल्या तर सगळे खण चुकतात.

तिसऱ्यांदा ग्रंथालयशास्त्रज्ञ रंगनाथनांकडे गेलो. त्यांची पुस्तकं वर्गवार लावायची कोलन पद्धत १९३३ सालची. तयार क्रमांकांची लांबलचक यादी देण्याऐवजी विषयाचे पैलू सुटे करायचे आणि चिन्हांनी जोडायचे, हा तिचा गाभा. अजून जन्माला न आलेल्या विषयालाही त्यात क्रमांक जुळवता येतो. न घडलेल्या गोष्टींच्या ग्रंथाला याहून सोयीचं काय असणार? त्यांची चिन्हं जशीच्या तशी घेतली नाहीत, फक्त युक्ती घेतली. माझा क्रमांक असा: ठिकाण, मग दोन्ही इतिहासांतली शेवटची सामाईक गोष्ट, मग पहिला वेगळा कागद. मध्ये विसर्गासारखे दोन ठिपके.

एक उपयोगी गोष्ट यातून सापडली, असलं काही बनवणाऱ्याने लिहून ठेवावी. तारखा उडाल्या तरी वार तुटले नाहीत. १५८२ साली गुरुवारनंतर शुक्रवारच आला. म्हणून सामाईक गोष्टीला तारीख न लावता वार लावला. पानिपत बुधवार.

दिवस पूर्ण गेला, पण वाया नाही.

१६ जून

थेऊरचा फाटा लिहिला, आणि मला वाटतं हा पानिपतपेक्षा चांगला आहे. माधवराव पेशवे १८ नोव्हेंबर १७७२ रोजी थेऊरला क्षयाने गेले, वय २७. पानिपतचं मैदान मराठ्यांना या मृत्यूपेक्षा जास्त घातक ठरलं नाही, अशा अर्थाचं मराठ्यांचा इंग्रज इतिहासकार ग्रँट डफही लिहून गेलाय. हाही बुधवारच निघाला. मुद्दाम नाही, मोजल्यावर कळलं.

'थेऊर : बुधवार, ताप : वैद्यास शालजोडी १. पैकी शाल १ परत, रंग फिका निघाला सबब.'

त्याखाली त्याच फाट्यातली पुढच्या वर्षाची नोंद: 'सोमवार. नारायणराव, दात दुखतो सबब गैरहजर.' आपल्याकडे ३० ऑगस्ट १७७३ ला, सोमवारी, शनिवारवाड्यात गारद्यांनी नारायणरावांना मारलं. तिकडे त्याच दिवशी त्यांची दाढ ठणकतेय.

१९ जून

चाळीस नोंदी एका निवृत्त इतिहासशिक्षकांना वाचायला दिल्या. सरांनी तारखांच्या चुका काढाव्यात अशी अपेक्षा होती. तारखांवर त्यांनी नजरही टाकली नाही. एका ओळीवर बोट ठेवून म्हणाले, "अहो, तुमच्या या जगात पानिपत जिंकलंय ना? मग या वाण्याचं धंद्यात पानिपत कसं झालं?"

मी खरंच तसं लिहिलं होतं. नकळत.

मग आम्ही दोघांनी सगळ्या कार्डांची झडती घेतली. विश्वासराव वाचलेल्या इतिहासात 'विश्वास पानिपतात गेला' म्हणता येत नाही. माधवराव जगले, नारायणरावांचा खून टळला, की 'ध चा मा करणे' हा वाक्प्रचारच उरत नाही. मग तिथला कारकून कागदातली फिरवाफिरवी सांगताना काय म्हणत असेल? मोगल दख्खनेत उतरलेच नाहीत अशा फाट्यात 'मोगलाई आहे का?' असं एक पात्र विचारत होतं. 'स्वतःला बाजीराव समजतो' हे दोन ठिकाणी, दोन्ही ठिकाणी चूक. चाळीस कार्डांत सतरा गळत्या निघाल्या. तथ्यं मी नीट बदलली होती, पण भाषा आपल्याच इतिहासातली राहिली होती.

उपाय म्हणून प्रत्येक फाट्याला एका वहीत निषिद्ध शब्दांची यादी केली. ही यादी आधी करावी, नोंदी नंतर. मी उलटं केलं आणि आठवडा घालवला.

सर निघताना म्हणाले, "त्या वाण्याचं दिवाळं वाजू द्या. तेवढं कुठल्याही इतिहासात वाजतं."

२२ ते २४ जून

सगळं मोडीत लिहावं असा झटका आला. आधी आडवी रेघ ओढायची आणि मग बोरू फारसा न उचलता तिच्याखाली अक्षरं गुंफत जायची. दिसतं देखणं. तीन दिवसांत दीड पान झालं, आणि ते प्रेक्षकांतल्या कितीजणांना वाचता येणार? सोडून दिलं. ते दीड पान पुस्तकात शेवटी चिकटवलंय, कष्ट वाया जायला नकोत म्हणून.

२७ जून

कागद. साध्या ए-फोर कागदाची मधोमध घडी घालून फर्मे केले: चार कागद, सोळा पानं, असे आठ. पानं उघडी राहीनात, मधूनच ताठ उभी. कारण तंतूंची दिशा. कागदाचे तंतू एका दिशेला असतात आणि त्या दिशेने घडी सहज पडते. ए-फोरमध्ये ते बहुधा लांब बाजूला समांतर असतात, आणि आपण घडी घालतो आखूड बाजूला समांतर. कण्यापाशी तंतू आडवे येतात, पान हट्ट करतं. ए-थ्री कागद आणून मधोमध कापले की मिळणाऱ्या ए-फोरमध्ये दिशा बरोबर येते. १६ मोठे कागद पुरले. आधीचे ३२ कागद कच्च्या लिखाणाला गेले.

ओळखायचं कसं: कागद न दुमडता दोन्ही दिशांनी हळू वाकवून बघा, कमी विरोध होतो ती दिशा कण्याला समांतर ठेवा.

३० जून

शिलाई. फर्म्याला पाच भोकं, मेण लावलेला दोरा. पुठ्ठ्याची पट्टी ठेवून भोकांच्या खुणा केल्या, पण दोन फर्म्यांना पट्टी उलटी धरली आणि भोकं सरकली. दोरा जाड घेतल्याने कणा फुगून पुस्तक पाचरीसारखं झालं. उसवलं, बारीक दोरा, पुन्हा. कण्याला खळ लावली, किडीसाठी आत चिमूटभर मोरचूद. बाकी काही सांगण्यासारखं नाही.

४ जुलै

शाई. मथळ्यांसाठी हिरडा आणि हिराकस, म्हणजे लोहाचं सल्फेट. हिरड्याचा काढा गाळून त्यात हिराकस विरघळवायचं आणि थोडा डिंक घालायचा. लिहिताना अक्षर फिकट दिसतं, हवेतला ऑक्सिजन लागला की गडद होत जातं. संध्याकाळी धुरकट लिहिलेला मथळा सकाळी काळाभोर. पुस्तक स्वतःच लिहितंय असं वाटायला आणखी काय हवं? फक्त हिराकस सढळ हाताने घालू नका. जास्त झालं तर शाई कालांतराने कागद खाते.

मजकुरासाठी मात्र सोय बघितली. नोंदी अजून बदलत होत्या, म्हणून घासून खोडता येणारं जेल पेन घेतलं. मागच्या रबराने घासलं की शाई दिसेनाशी होते. कागद खरवडला जात नाही, डाग पडत नाही. दहा दिवस मनसोक्त लिहिलं, खोडलं, परत लिहिलं.

याच दिवसांत लिहिलेलं माझं आवडतं पान: २६ सप्टेंबर १९८३, सोमवार, मध्यरात्र नुकतीच उलटलेली. सोव्हिएत इशारा-यंत्रणेने अमेरिकन क्षेपणास्त्रं निघाल्याचं दाखवलं आणि स्तानिस्लाव पेत्रोव या अधिकाऱ्याने तो खोटा इशारा ठरवला. पेत्रोवने तो खरा मानला, आणि वरच्यांनीही, अशा फाट्याच्या पानावर फक्त मथळा आहे. खाली काही नाही. पुस्तकाला कागदच दिसतो, आणि त्या रात्रीनंतर तिकडे कोणी काही लिहिलेलं नाही.

१५ जुलै

आज जे झालं ते सविस्तर लिहितो, कारण हे कुणाचंही होऊ शकतं.

खळीच्या ओलाव्याने काही पानं लहरी झाली होती. वर पातळ सुती कापड टाकून कोमट इस्त्री फिरवली. तीन फर्मे झाले, एकेचाळीस लिहिलेली पानं. पानं सपाट झाली. उघडून बघतो तर कोरी. मथळे जागच्या जागी, काळेभोर, आणि खाली पांढरं. एकामागून एक एकेचाळीस पानं, सगळी पेत्रोवच्या पानासारखी.

खोडता येणाऱ्या पेनचं गुपित रबरात नसतं. घासल्याने उष्णता तयार होते, आणि साठ अंशांच्या पुढे शाई रंग सोडते. इस्त्रीने मी सगळं पुस्तक एका दमात घासलं. मथळे वाचले कारण हिराकसाच्या शाईला असल्या उष्णतेचं काही वाटत नाही.

दिग्दर्शिकेला फोन केला. ती म्हणाली, "नोंदी कार्डांवर आहेत ना?" अर्ध्याच होत्या. बाकीच्या थेट पानावर सुचल्या होत्या.

१६ जुलै

हीच शाई थंडीत परत येते. उणे दहा-वीस अंशांच्या आसपास रंग पुन्हा उमटतो. पुस्तक प्लास्टिकच्या पिशवीत हवाबंद करून रात्रभर फ्रीझरमध्ये ठेवलं. सकाळी बाहेर काढल्यावर पिशवी लगेच उघडायची नाही, हे महत्त्वाचं. हवेतला दमट भाग गार कागदावर पाणी होऊन बसतो. तीन तास पिशवी नुसती समोर ठेवून बसलो.

मजकूर परत आला, आधीपेक्षा थोडा फिका. पण सगळाच मजकूर परत आला. दहा दिवसांत जे जे खोडलं होतं तेही. शाल परत गेलीय आणि त्याच ओळीखाली शाल परत गेलेली नाही. वैद्याच्या जागी आधी हकीम होता. दोन मोत्यांच्या खाली तीन मोती. वाण्याचं दिवाळं वाजलंय आणि त्याच्या आरपार त्याचं पानिपतही झालंय. काही ओळींत तीन-तीन मसुदे एकमेकांवर, वाचताना डोळे दुखतात.

दिवसभर ठरवत होतो की हे टाकून नव्याने लिहायचं. संध्याकाळी दिग्दर्शिका आली, उभ्यानेच चाळलं आणि म्हणाली, "याला हात लावलास तर बघ."

१७ ते २१ जुलै

तडजोड. थेऊर आणि पानिपतचे दोन फर्मे जसेच्या तसे. बाकी सहा फर्म्यांतला मजकूर काळ्या पक्क्या शाईने पुन्हा लिहिला. तीस तासांच्या वर गेले आणि मनगट धरलं. रंगमंचावरच्या दिव्यांची धग लक्षात घेऊन ठेवलेले फर्मे मध्यावर शिवले. रंगीत तालमीत पुस्तक दिव्याखाली चाळीस मिनिटं होतं, काही गेलं नाही. तरी सुचवतो: आधी एका चिठोऱ्यावर त्याच पेनाने लिहून ते दिव्याखाली ठेवून बघा.

२३ जुलै

एक पान रिकामं राहिलं होतं, आपल्या इतिहासाचं. सूची पूर्ण असेल तर तिच्यात आपणही हवे, इतरांसारखाच एक क्रमांक घेऊन. पहिल्या खर्ड्यात मी आपल्याला मोठं पान दिलं होतं, बरंच काही कोंबलं होतं. सरांनी ते बघून फक्त भुवया उंचावल्या. मग इतरांना लावलेलाच नियम लावला: एक कागद, कारण नाही, निकाल नाही.

'पुणे : बुधवार, ताप : चिठी एक. नारायणराव यांस धरावे.' हे खोडता येणाऱ्या पेनाने लिहिलं. मग मागच्या रबराने ध घासला आणि तिथे मा लिहिलं. आनंदीबाईंनी असंच केलं म्हणतात, त्यांच्याकडे हे पेन नव्हतं एवढंच. पान पिशवीत घालून रात्रभर फ्रीझरमध्ये.

२४ जुलै

सकाळी नऊला पिशवी बाहेर काढली, बाराला उघडली. मा ठळक आहे. त्याच्या पोटात ध आलाय, फिका, पण पूर्ण. उजेडाकडे तिरकं धरलं की आधी तोच दिसतो. पुस्तक पोचवलं.